शितावरून भात, खड्ड्यावरून उल्का

भात शिजला की नाही, हे आई कसं बघते? झाकण सरकवते, पळीच्या टोकावर एक शीत घेते, फुंकर मारते आणि अंगठा-तर्जनीच्या चिमटीत दाबते. आत कणी लागली नाही की गॅस बंद. पातेल्यात शितं किती? काही हजार तरी असतील. तपासलं किती? एक! आणि त्या एकाच्या जिवावर उरलेल्या हजारोंबद्दल ती छातीठोकपणे सांगते, ‘झाला भात, पानं घ्या.’

हे केवढं धाडस आहे, याचा कधी विचार केलाय? बघितलेल्यावरून न बघितलेल्यावर मारलेली उडी आहे ती. पुलाशिवाय! आपण रोज असल्या शेकडो उड्या मारतो. उद्या सूर्य उगवणार, पायाखालची पायरी जागेवर राहणार, कालच्या चहाने मेलो नाही म्हणजे आजच्याही चहाने मरणार नाही. उडी मारतो आणि पलीकडे सुखरूप उतरतो, म्हणून ती उडी होती हेच ध्यानात येत नाही.

‘न पाहिलेलं कळतं कसं?’ या एका प्रश्नाने युरोपातल्या तत्त्वज्ञांची सतराव्या-अठराव्या शतकात झोप उडवली होती. तो प्रश्न मुळातून बघायचा तर युरोपात जायची गरज नाही. बुलढाणा जिल्ह्यात दोन खड्डे आहेत. एक घाटाखाली, एक घाटावर. घाटाखालचा हाताने खणलेला, दर वर्षी नवा. घाटावरचा सुमारे १.८ किलोमीटर रुंद, हजारो वर्षं जुना. घाटाखालच्या खड्ड्यात लोक पुढचं वर्ष वाचतात. घाटावरच्या खड्ड्यात वैज्ञानिकांनी एक दुपार वाचली (दुपार की मध्यरात्र, देव जाणे), जी बघितल्याची साक्ष द्यायला आज कुणीही नाही.

आधी घाटाखाली जाऊ. जळगाव जामोद तालुक्यातलं भेंडवळ. अक्षय तृतीयेची संध्याकाळ. गावाबाहेरच्या शेतात धान्याचं एक मोठं वर्तुळ, म्हणजे घट, आखलं जातं. गहू, ज्वारी, तूर, मूग, उडीद, हरभरा, तीळ, जवस, सरकी अशी अठरा प्रकारची धान्यं त्यात आपापल्या जागी मांडतात. मधोमध खड्डा. खड्ड्यात मातीची चार ढेकळं, पावसाळ्याच्या चार महिन्यांची. ढेकळांवर पाण्याने भरलेली घागर. घागरीवर पुरी, पापड, करंजी, कुरडई, भजं, वडा. शिवाय पानविडा, तो म्हणजे राजा. मग सगळे निघून जातात. रात्रभर तिथे कुणी फिरकत नाही. वारा, मुंग्या, पाखरं, उंदीर, पाझरणारी घागर यांच्यावर सगळं सोपवलेलं.

दुसऱ्या दिवशी सूर्य उगवताना वाघ घराण्यातले जाणते लोक घटाचं निरीक्षण करतात. पहिलं ढेकूळ कोरडंच राहिलं? मग जूनमध्ये पाऊस कमी. तिसरं पार विरघळलं? ऑगस्ट भरपूर. तूर जागची हलली, गहू घटाबाहेर सांडला, पानविडा जागेवर आहे की सरकला, सगळ्याला अर्थ. ही घटमांडणी चंद्रभान महाराज वाघ यांनी साडेतीनशे वर्षांपूर्वी सुरू केली असं सांगतात. विदर्भ, मराठवाडा, खानदेशातून शेतकरी ऐकायला येतात. ज्याचं अख्खं वर्ष एका पावसावर टांगलेलं आहे, त्याने पहाटे अंधारात उठून तिथे जावं, यात हसण्यासारखं मला तरी काही दिसत नाही. आणि एक गोष्ट मान्य करावीच लागेल. बघणाऱ्यांची नजर बारीक असते. दाणा कुठे होता, कुठे गेला, ढेकूळ किती भिजलं. निरीक्षणात खोट नाही.

मग खोट कुठे आहे? ओल्या ढेकळापासून ओल्या ऑगस्टपर्यंतच्या उडीत.

‘पण अंदाज खरे ठरतात ना!’ असं कुणीतरी म्हणतंच. याचं उत्तर फ्रान्सिस बेकन नावाच्या इंग्रजाने १६२० साली एका जुन्या गोष्टीतून देऊन ठेवलंय. एका माणसाला देवळात नेऊन भिंतीवरची चित्रं दाखवली. वादळात सापडलेल्या, देवाला नवस बोललेल्या आणि बुडता बुडता वाचलेल्या लोकांची ती चित्रं. ‘आता तरी पटलं ना देवाचं सामर्थ्य?’ त्या बेरक्या माणसाने उलट विचारलं, ‘नवस बोलूनही जे बुडाले, त्यांची चित्रं कुठे टांगली आहेत?’

काय जबरदस्त प्रश्न आहे! बुडालेले चित्र काढायला परत येत नाहीत. चुकलेले अंदाजही तसेच. बरोबर आलेला अंदाज पारावर वर्षभर गाजतो आणि चुकलेला दिवाळीआधीच विसरला जातो. आपल्या भाषेत यासाठी चार शब्दांचा अख्खा ग्रंथ आहे: कावळा बसला, फांदी तुटली. संस्कृत पंडित याला काकतालीय न्याय म्हणायचे. दोन गोष्टी पाठोपाठ घडल्या म्हणून पहिलीने दुसरी घडवली असं होत नाही. (ही म्हण जरा सांभाळून ठेवा. पुढे एका फार मोठ्या माणसाला ती दगा देणार आहे.)

इथपर्यंत विज्ञानाचा अभिमानी वाचक खूश असेल. थांबा. आता डेव्हिड ह्यूम येतोय.

ह्यूम स्कॉटलंडचा, जन्म १७११ चा. वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, १७३९ मध्ये, त्याने एक जाडजूड ग्रंथ छापला. त्याची कुणी दखलही घेतली नाही, याची खंत पुढे त्यानेच लिहून ठेवली. त्या ग्रंथात एक सुरुंग होता. ह्यूमचं म्हणणं थोडक्यात असं. विस्तव हाताला लागला की हात भाजतो. ठीक. तुम्हाला दिसलं काय? विस्तव दिसला. भाजणं जाणवलं. या दोघांमधलं ‘मुळे’ कुठे दिसलं? विस्तवा‘मुळे’ भाजलं, यातलं ते ‘मुळे’ तुम्ही कुठल्या डोळ्याने पाहिलंत? एकामागून एक घडताना दिसतं, बांधलेली दोरी दिसत नाही. हजारदा तसं घडलं की मनाला सवय लागते आणि त्या सवयीला आपण कार्यकारणभाव असं भारदस्त नाव देतो.

म्हणजे बघा, कावळा आणि फांदी एवढ्यापुरतं हे नाहीच. विस्तव आणि चटका यांचीही तीच गत!

‘असं कसं? आजवर प्रत्येक वेळी भाजलंय, म्हणून उद्याही भाजेल.’ ह्यूम विचारतो, ‘आजवरसारखंच उद्या घडतं, हे कशावरून?’ आपण म्हणतो, ‘कारण आजवर तरी उद्या नेहमी कालसारखाच निघाला.’ आणि जीभ चावतो. जे सिद्ध करायचं, तेच पुराव्यात वापरलं. आपल्याच खांद्यावर चढून उंच होण्यासारखं झालं हे. गेली पावणेतीनशे वर्षं भले भले या गाठीशी झोंबतायत, आणि ती सुटली असं सगळ्यांनी एकमताने अजून म्हटलेलं नाही.

आपल्याकडचे चार्वाक हे वाचून गालात हसले असते. धूर दिसला म्हणून डोंगरावर आग आहे, हा आपल्या न्यायशास्त्राचा लाडका दाखला. चार्वाक म्हणत, जिथे जिथे धूर तिथे तिथे आग हे तुम्हाला कळलं कसं? सगळ्या ठिकाणचे, सगळ्या काळातले धूर बघून आलात? नाही. मग अनुमानाने कळलं? त्या अनुमानाला आधार कशाचा? दुसऱ्या अनुमानाचा? चौदाव्या शतकातल्या ‘सर्वदर्शनसंग्रहा’त हा युक्तिवाद सविस्तर मांडलेला आहे. ह्यूम जन्मायच्या सुमारे साडेतीनशे वर्षं आधी!

मग उद्यापासून विस्तव हातात धरायचा का? अजिबात नाही, आणि ह्यूमनेही धरला नाही. तो कबूल करतो की असल्या विचारांनी डोकं गरगरायला लागलं की तो मित्रांबरोबर जेवतो, फाशांचा डाव मांडतो आणि परत आल्यावर आपलेच विचार त्याला विचित्र वाटायला लागतात. उडी मारणं थांबवता येत नाही. फक्त ती उडी आहे, हे विसरायचं नाही.

विसरलं की काय होतं? तत्त्वज्ञ बर्ट्रांड रसेलने १९१२ मध्ये एका कोंबडीची गोष्ट सांगितली. मालक रोज सकाळी दाणे टाकतो. रोज! कोंबडीचा सिद्धांत दिवसेंदिवस पक्का होत जातो. ज्या सकाळी तो सगळ्यात पक्का असतो, त्याच सकाळी मालक तिची मान मुरगळतो.

तुम्हाला ही गोष्ट पोरकट वाटली असेल, तर आपल्या पावसाचीच एक ऐका. १९८८ पासून भारतीय हवामान खातं मान्सूनचा अंदाज सोळा घटकांच्या गणिती प्रारूपावरून देऊ लागलं. त्यामागे पुण्याचे वसंत गोवारीकर आणि त्यांचे सहकारी होते. हिमालयातला बर्फ, समुद्राचं तापमान, वाऱ्याचे प्रवाह, ठिकठिकाणचा हवेचा दाब असे सोळा धागे. १९८८ ते २००१, देशपातळीवर दुष्काळाचं एकही वर्ष आलं नाही आणि प्रारूपानेही ते सांगितलं नाही. चौदा वर्षं रोजचे दाणे! २००२ साठी अंदाज निघाला सरासरीच्या १०१ टक्के. जुलै महिन्यात देशभर निम्म्याच्या आसपास पाऊस झाला आणि मोसम संपला तेव्हा बेरीज होती ८१ टक्के. दुष्काळ.

इथे कुणी म्हणेल, मग भेंडवळ आणि हवामान खातं यात फरक काय राहिला? दोघांचीही उडीच. प्रश्न अगदी रास्त आहे, आणि ह्यूमला विचारला असता तर त्याला फार आवडला असता. फरक पुढच्या वर्षी दिसला. १०१ हा आकडा आधीच कागदावर होता आणि ८१ हाही कागदावर आला. दोन्ही शेजारी ठेवले की पळवाट उरत नाही. २००३ मध्ये खात्याने सोळा घटकांचं प्रारूप बाजूला ठेवलं आणि नवी प्रारूपं आणली. बुडालेल्याचं चित्र त्यांनी स्वतःच्याच देवळात टांगलं म्हणा ना! ढेकळाच्या बाबतीत मात्र ‘ऑगस्ट कोरडा गेला म्हणून यंदापासून ढेकूळ बाद’ असं कुणी म्हटल्याचं माझ्या कानावर नाही.

चला, आता घाट चढू.

लोणार. काठावर उभं राहिलं की पहिला झटका बसतो तो आकाराचा. पठार चालता चालता अचानक संपतं आणि खाली जवळपास दीडशे मीटरवर, झाडीच्या कड्यात, गोल तळं. पाणी खारट आणि इतकं अल्कधर्मी की जवळ गेलं की वास येतो. आणि काठावर मात्र गोड्या पाण्याची धार! ‘ऐन-ए-अकबरी’तही या जागेचा उल्लेख आहे. पुराणात लवणासुराची कथा आहे. विष्णूने त्या दैत्याला मारलं ती ही जागा, म्हणून गावात दैत्यसूदनाचं देखणं देऊळ. न पाहिलेल्या घटनेचं हे पहिलं स्पष्टीकरण. एवढं भोक पडलं, म्हणजे काहीतरी प्रचंड घडलं असणार, हे त्या कथाकाराने बरोबर ओळखलं होतं.

१८२३ मध्ये अलेक्झांडर नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने विवराची नोंद केली. पुढे भूवैज्ञानिक आले. त्यांनी काय केलं असेल? शितावरून भात! दख्खनचं पठार अख्खं ज्वालामुखीच्या लाव्ह्याचं. इथला कुठलाही दगड उचला, काळा बेसॉल्ट. मग या खडकातला खड्डाही ज्वालामुखीचाच असणार, नाही का? दीडशेच्या आसपास वर्षं हाच विचार वरचढ राहिला. खड्डा म्हणजे ज्वालामुखीचं तोंड, नाहीतर आतल्या वाफेचा स्फोट, नाहीतर जमीन खचली.

पण एक कणी दाताखाली येत होती. दख्खनचा लाव्हा साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच थंडावला. आणि खड्डा तर असा ताजा की काठ अजून उभे, भोवतालच्या जमिनीपेक्षा वीसेक मीटर उंच. कोट्यवधी वर्षांचा पाऊस खाऊन काठ असे राहतील? शिवाय आजूबाजूला नवा लाव्हा थेंबभरही नाही. चूल दिसतेय, पण राख नाही.

आता गोष्ट जरा अमेरिकेत जाते, कारण तिथे एक कमाल घडली. ॲरिझोनाच्या वाळवंटात असाच एक गोल खड्डा आहे, १.२ किलोमीटरचा. भोवती लोखंडी उल्कांचे तुकडे विखुरलेले. ग्रोव्ह कार्ल गिल्बर्ट, त्या काळचा अमेरिकेतला नावाजलेला भूवैज्ञानिक, ‘तारा पडला असेल का?’ हा प्रश्न घेऊन तिथे गेला. आणि काय शिस्तीने गेला! आधी त्याने दोन कल्पना शेजारी मांडल्या, उल्का किंवा वाफेचा स्फोट. मग स्वतःला विचारलं, उल्का असेल तर काय दिसायला हवं? लोखंडाचा प्रचंड गोळा आत पुरलेला हवा. म्हणजे होकायंत्राची सुई हलायला हवी. आणि गोळ्याने आतली जागा अडवलेली असणार, म्हणून बाहेर फेकलेली माती खड्ड्यात मावता कामा नये, उरायला हवी.

मोजमाप केलं. सुई ढिम्म. माती आणि खड्डा यांचं माप जवळपास सारखं. निकाल लागला, उल्का नाही! मग ते लोखंडाचे तुकडे? योगायोग. कावळा बसला, फांदी तुटली.

१८९६ मध्ये छापलेला त्याचा हा निबंध गृहीतकं कशी मांडावी आणि कशी पारखावी यावरचा नमुना मानला जातो. त्यात लोणारचाही उल्लेख आहे, त्याच जातीचा खड्डा म्हणून. आता धक्का ऐका. सगळी पद्धत बरोबर होती आणि उत्तर सपशेल चुकलं. त्या खड्ड्यावर उल्काच पडली होती! ज्याला गिल्बर्ट योगायोग म्हणाला, तेच कारण होतं. त्या दिवशी कावळ्यानेच फांदी तोडली होती.

चुकलं कुठे? एका न तपासलेल्या गृहीतात. चिखलात मारलेला दगड चिखलात रुतून बसतो, तशी उल्काही आत असणार, हे तो धरून चालला. पण सेकंदाला दहा-वीस किलोमीटर वेगाने येणारी वस्तू रुतत नाही. थांबण्याच्या क्षणी तिचा वेगच आग होतो. ती स्वतः बहुतांशी वितळून, वाफ होऊन उधळली जाते. पुरलेला गोळा नाहीच, तर सुई हलणार कशाने? आईने शीत नीट दाबलं होतं. फक्त पातेलं दुसरंच होतं.

सुईवरून आठवलं. लोणार गावात मोठ्या मारुतीचं देऊळ आहे, मूर्ती आडवी. तो दगड चुंबकीय आहे, होकायंत्र जवळ नेलं की सुई फिरते, म्हणून तो आकाशातून आलेला, असं तिथे सांगितलं जातं. ॲरिझोनात सुई हलली नाही म्हणून उल्का नाही, लोणारात सुई हलली म्हणून उल्का आहे! यातली पहिली उडी चुकली हे आपण पाहिलं. दुसरीचं काय? बेसॉल्टमध्ये मुळातच मॅग्नेटाईटचे कण असतात. सुई फिरवायला आपला काळा दगड पुरेसा असतो, त्याला आकाशातून यावं लागत नाही.

मग लोणारचा निकाल लागला कसा? १९६४ मध्ये लाफाँड आणि डिट्झ या दोघांनी लोणारवर एक निबंध छापला. ‘लोणार हे उल्केचं विवर’ एवढं शीर्षकात लिहून त्यांनी पुढे चक्क प्रश्नचिन्ह ठेवलं. मला ते प्रश्नचिन्ह फार आवडतं. ते पुसलं १९७३ मध्ये, फ्रेड्रिक्सन, दुबे, मिल्टन आणि बालसुंदरम या चौघांनी. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण आणि अमेरिकी संस्थांमधली ही मंडळी. विवराच्या तळात भोकं पाडली, काठावर चर खणले, निघालेल्या खडकाचे कागदासारखे पातळ काप केले आणि सूक्ष्मदर्शकाखाली ठेवले.

आपणही त्या भिंगाला डोळा लावून बघू. बेसॉल्टमध्ये प्लॅजिओक्लेज नावाचं खनिज भरपूर असतं. त्याचे स्फटिक म्हणजे शाळेच्या मैदानावर प्रार्थनेला उभी पोरं, सरळ रांगा, ठरलेलं अंतर. खास प्रकाशात असा काप फिरवला की स्फटिक उजळतो, विझतो, पुन्हा उजळतो. लोणारच्या कापात काही स्फटिक उजळेचनात. आकार तोच, कडा त्याच, पण कितीही फिरवा, काळेच. मैदानाची हद्द जागेवर आणि आतल्या सगळ्या रांगा मोडलेल्या! स्फटिक जागच्या जागी काच झाला होता.

हा चमत्कार होतो धक्क्याने. वातावरणाच्या दाबाच्या अडीच-तीन लाख पट आणि त्याहूनही जास्त दाब, तोही डोळ्याचं पातं लवायच्या आत येऊन गेलेला. कुठल्याही ज्वालामुखीचा जोर याच्या पासंगालाही पुरत नाही. या काचेचं नाव मॅस्केलिनाइट. आणि ती पहिल्यांदा कुठे ओळखली गेली माहीत आहे? २५ ऑगस्ट १८६५ रोजी बिहारात गयेजवळच्या शेरघाटी इथे आकाशातून पडलेल्या दगडात. तो दगड मंगळावरचा होता, हे पुढे शंभरहून अधिक वर्षांनी कळलं! लोणारच्या काठावर वितळलेल्या खडकाचे काचेचे बारीक गोळेही सापडले, आणि अपोलोच्या अंतराळवीरांनी चंद्रावरून आणलेल्या नमुन्यांशी ते जुळले. चंद्रावरचे ते काळे डागही बेसॉल्टचेच ना! म्हणजे बुलढाण्यातल्या खड्ड्याची साक्ष काढायला बिहार, मंगळ आणि चंद्र धावून आले.

आता कुणी ह्यूमचा चेला विचारेल, ‘पण धक्क्याशिवाय ही काच कधीच बनत नाही, हे कशावरून?’ विचारू दे. तेवढा दाब प्रयोगशाळेत देऊन ती बनवून बघितली आहे, आणि ज्वालामुखीच्या असंख्य खडकांत शोधूनही अशी सापडलेली नाही. उडी आहेच. पण पलीकडचा काठ इतका जवळ आलाय की आता पाऊल टाकलं तरी पुरतं.

इतकं होऊनही लोणार शहाण्यांना पुरतं शहाणं होऊ देत नाही. वय विचारा. १९९७ मध्ये एका पद्धतीने उत्तर आलं सुमारे ५२ हजार वर्षं. २०११ मध्ये आर्गॉन वायूच्या मोजणीवरून आलं सुमारे ५ लाख ७० हजार. दहा पटींहून जास्त फरक! ‘काय’ घडलं यावर एकमत आणि ‘कधी’ यावर भांडण.

आणि डोळ्यांनी समोर बघितलेलं तरी पक्कं असतं का? जून २०२० मध्ये लोणारचं पाणी गुलाबी झालं. लोकांनी बघितलं, फोटो काढले, देशभर गाजलं. गुलाबी पाणी! पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेत नमुने गेले. त्यात मिठावर वाढणारे गुलाबी सूक्ष्मजीव निघाले. नमुना तसाच ठेवला की ते तळाशी बसत आणि वर राहायचं ते पाणी नितळ. पाणी गुलाबी नव्हतंच.

इंग्रज तत्त्वज्ञ जॉन लॉक तर याच्याही पुढे जाऊन म्हणाला होता की रंग, चव, ऊब हे गुण वस्तूत जसेच्या तसे नसतातच. त्याने सुचवलेला प्रयोग आज संध्याकाळी करून बघा. तीन पातेली घ्या. एकात सोसेल इतकं गरम पाणी, दुसऱ्यात माठातलं गार, मधल्यात कोमट. एक हात गरम पाण्यात, दुसरा गार पाण्यात, मिनिटभर ठेवा. मग दोन्ही एकदम कोमट पाण्यात घाला. एक हात सांगेल गार आहे, दुसरा सांगेल गरम. पाणी तेच, माणूस तोच, आणि साक्षीदार दोन, एकमेकांविरुद्ध! हातच्या कांकणाला आरसा कशाला, असं आपण म्हणतो. इथे कांकण घातलेले दोन हातच भांडतात.

तेव्हा लोणारला जाल तेव्हा खिशात एक साधं होकायंत्र असू द्या. मोठ्या मारुतीपाशी ते जरूर धरा. पण देवळात शिरण्याआधी वाटेवरच्या चार साध्या काळ्या दगडांपाशीही धरून बघा, आणि सुई किती हलली ते तिथल्या तिथे कागदावर लिहून ठेवा.